हिस्सा मागितला की माहेर तुटते का?

घरातल्या वडीलधाऱ्याने डोळे मिटले की वाटणीची भांडणे सुरू होतात, असे आपण म्हणतो. पण नीट आठवून पाहा. भांडण त्याआधी कितीतरी वर्षे घरात मंद आचेवर शिजत असते. सासरे अजून सकाळी शेतावर चक्कर मारून येत असतात, आणि थोरल्या सुनेच्या मनात पक्के असते की घराची पुढची खोली आपली. धाकटीने धरून ठेवलेले असते की विहिरीजवळचा तुकडा आपल्या वाट्याला. नाशिक-सुरतेला नोकरी करणाऱ्या मुलाला वाटते, आपण पैसे पाठवले म्हणून तर घर उभे राहिले! आणि सासरी नांदणाऱ्या लेकीबद्दल सगळ्यांनी मिळून ठरवून टाकलेले असते की ती काही मागायची नाही. कोणी कोणाशी बोललेले नसते. प्रत्येकाने मनातल्या मनात वाटणी करून ठेवलेली असते. या मनातल्या वाटण्यांची बेरीज केली, तर घराण्याजवळ आहे त्याच्या दुप्पट जमीन लागेल!

आपल्या नंदुरबार जिल्ह्यात हा प्रश्न घरोघरी आहे, कारण इथे मिळकत म्हणजे आधी जमीन. तापीकाठची शहाद्याकडची काळी जमीन असो, नंदुरबारच्या बाजूचे मिरचीचे रान असो, नाहीतर नवापूरकडचा भाताचा तुकडा असो. आपण तालुक्याच्या गावी राहायला आलो, कोणी शिक्षिका झालो, कोणी नर्स, कोणी घरीच राहून संसार पाहतो. पण सासर आणि माहेर दोन्हीकडची जमीन मागे गावाला आहेच. म्हणून भगिनींनो, आज जरा रुक्ष वाटेल अशा विषयावर बोलू या. एक गोष्ट मात्र आधीच सांगून ठेवते. अपेक्षा वेगळी आणि हक्क वेगळा. या दोन गोष्टी निरनिराळ्या डब्यांत ठेवायला शिकलो, तर निम्मी भांडणे उंबऱ्याबाहेरच थांबतील.

अपेक्षा कोणती, हक्क कोणता?

वडिलांनी स्वतःच्या पगारातून प्लॉट घेतला, दुकान काढले, चार एकर विकत घेतले. ही झाली त्यांची स्वकष्टार्जित मिळकत. ते हयात आहेत तोवर तिच्यावर ना मुलाचा हक्क, ना मुलीचा. ती विकावी, कोणाला बक्षीस द्यावी, मृत्युपत्राने हव्या त्या माणसाला द्यावी, हा सर्वस्वी त्यांचा प्रश्न. ‘पुढे मागे मला मिळेल’ ही नुसती आशा आहे, आणि आशा ही विकता किंवा कोणाच्या नावे करता येणारी वस्तूच नव्हे, असे १८८२ सालचा मालमत्ता हस्तांतरणाचा कायदा स्पष्ट सांगतो. तेव्हा ‘बाबांचं घर माझंच’ असे म्हणणारा मुलगा आणि ‘बाबा मला काहीतरी देतीलच’ असे म्हणणारी मुलगी, दोघेही सारखेच हवेत इमले बांधत असतात.

मात्र मृत्युपत्र न करता वडील गेले, तर हिंदू उत्तराधिकार कायदा लागू होतो. हा १९५६ सालचा कायदा. त्याप्रमाणे स्वकष्टार्जित मिळकतीत पत्नी, मुलगे, मुली आणि हयात असेल तर मृताची आई, या सगळ्यांना सारखा वाटा. मुलीचे लग्न झाले की नाही, याने काही फरक पडत नाही. बारा एकर जमीन, मागे आई, दोन मुलगे आणि एक मुलगी असतील, तर प्रत्येकी तीन एकर. इतका हा सरळ हिशेब आहे.

वडिलोपार्जित एकत्र कुटुंबाच्या मिळकतीची गोष्ट निराळी. तिच्यात जन्मानेच हक्क मिळतो. १९५६ साली हा जन्माचा हक्क फक्त मुलांना ठेवला होता. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून तो मुलींना दिला खरा, पण त्या दिवशी ज्यांची लग्ने झालेली नव्हती त्यांनाच. म्हणजे ज्यांचे हात आधीच पिवळे झाले होते, त्या दाराबाहेर राहिल्या! पुढे ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राने कायदा सुधारला आणि सगळ्याच मुलींना मुलाइतका जन्मसिद्ध हक्क दिला. तरीही ‘वडील २००५ पूर्वी वारले, आता तुला काही नाही’ असे सांगून कित्येकींना परत पाठवले जात होते. ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने तीही शंका फेडली. हक्क जन्माने मिळतो, त्यासाठी २००५ साली वडील हयात असण्याची गरज नाही. अडसर एवढाच की २० डिसेंबर २००४ पूर्वी खरोखर वाटणी किंवा विक्री झालेली असेल, तर ती उकरून काढता येत नाही. आणि ‘वाटणी तेव्हाच तोंडी झाली होती’ असे नुसते सांगून भागत नाही. तिला सरकारी दप्तरातला भक्कम आधार लागतो.

आता वीस एकर वडिलोपार्जित जमिनीचा हिशेब करून पाहू. वडील, आई, दोन मुलगे, एक मुलगी. वडील गेले त्या दिवशी वाटणी झाली असे धरायचे. आपल्याकडे अशा वाटणीत आईलाही एक वाटा असतो. पाच वाटे, प्रत्येकी चार एकर. मग वडिलांच्या चार एकरांचे पुन्हा चार वारसांत चार भाग. म्हणजे आई पाच, थोरला पाच, धाकटा पाच आणि लेकही पाच एकर. वडिलांनी स्वतःच्या वाट्यापुरते मृत्युपत्र केले असेल, तर तेवढाच फरक पडेल. एक सावधगिरी मात्र बाळगा. आजोबांकडून आली म्हणून प्रत्येक जमीन कायद्याच्या अर्थाने वडिलोपार्जित ठरतेच असे नाही. ती कोणाला, केव्हा, कशी मिळाली यावर ते ठरते. ते वकिलाला कागद दाखवूनच विचारावे, शेजाऱ्याला विचारून नव्हे.

मुसलमान भगिनींचा वारसा त्यांच्या व्यक्तिगत कायद्याप्रमाणे चालतो. तिथे मुलीचा वाटा मुलाच्या निम्मा, पण ठरलेला आहे.

शेजारणीचा कायदा निराळा

तळोद्याच्या एका चाळीत भिंतीला भिंत लावून राहणाऱ्या दोन शिक्षिका डोळ्यांपुढे आणा. एक गुजर पाटलांची, एक भिल्ल किंवा पावरा समाजाची. दोघींचा पगार सारखा, दोघींची मुले एका शाळेत. पण वर सांगितलेला सगळा हिशेब पहिलीला लागू आहे, दुसरीला नाही. १९५६ च्या कायद्यातच लिहिलेले आहे की केंद्र सरकारने वेगळी अधिसूचना काढल्याशिवाय तो अनुसूचित जमातींना लागू होणार नाही. नंदुरबार जिल्ह्यात २०११ च्या जनगणनेप्रमाणे शंभरांतली सुमारे ६९ माणसे आदिवासी आहेत. म्हणजे आपल्या जिल्ह्यात या कायद्याबाहेरच्या बायकाच अधिक!

मग त्यांचा वारसा कशाने ठरतो? समाजाच्या रूढीने. आणि रूढी कोण सांगतो? बहुतेक वेळा ज्याला जमीन हवी असते तोच. ‘आपल्यात लेकीला जमीन देत नाहीत’ म्हटले की विषय संपला. पण याच समाजांमधून मुलगा नसला की घरजावई आणून जमीन लेकीच्या घरात राखण्याची चालही आहे. म्हणजे लेकीच्या हातात जमीन राहू शकते हे रूढीलाही ठाऊक आहे.

या बाबतीत एक निकाल प्रत्येकीने लक्षात ठेवावा. छत्तीसगडच्या एका गोंड कुटुंबात आईच्या वडिलांच्या जमिनीत आईचा वाटा मिळावा म्हणून तिच्या वारसांनी दावा लावला होता. वाद निघाला १९९२ साली. खालच्या कोर्टात हरले, वरच्या कोर्टात हरले, हायकोर्टातही हरले. तुमच्या जमातीत मुलीला वाटा देण्याची रूढी आहे हे तुम्ही सिद्ध करा, असे त्यांना सांगण्यात येत होते. १७ जुलै २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे उलटे टाकलेले पाऊल सरळ केले. मुलीला वाटा नाकारणारी रूढी सिद्ध झालेली नसताना केवळ ती बाई आहे म्हणून तिला डावलणे हे समतेला धरून नाही, असे म्हणून न्यायालयाने त्या स्त्रीच्या वारसांना समान वाटा दिला. पण तोवर तेहतीस वर्षे गेली होती आणि जिचा वाटा होता ती केव्हाच निघून गेली होती. या निकालाने १९५६ चा कायदा आदिवासींना आपोआप लागू झाला, असे मात्र समजू नये. तो अजूनही लागू नाही. पण ‘आपल्यात चाल नाही’ एवढ्या एका वाक्यावर गप्प बसण्याचे आता कारण उरलेले नाही.

‘लेकीला दिली तर जमीन परक्याच्या हातात जाईल’ हा दुसरा धाक घातला जातो. त्याचेही उत्तर आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेप्रमाणे आदिवासीची जमीन बिगरआदिवासीला विकायला, बक्षीस द्यायला, गहाण टाकायला किंवा भाडेपट्ट्याने द्यायला जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. हे बंधन भावावरही आहे आणि बहिणीवरही. कुलूप दोघांच्या दाराला सारखेच असताना बहिणीवर तेवढा अविश्वास कशासाठी?

शहादा तालुक्यातल्या भिल्ल बायका तर जमिनीच्या प्रश्नावर फार पूर्वीच घराबाहेर पडल्या होत्या. १९७२ च्या सुमारास अंबरसिंग सुरतवंती आणि श्रमिक संघटनेच्या चळवळीत आदिवासींच्या हातून गेलेल्या जमिनी परत मागितल्या गेल्या, तेव्हा त्या मोर्चांत पुढे होत्या. दारूचे अड्डे मोडायलाही त्याच गेल्या. त्या वेळी परत आलेल्या जमिनीच्या सातबाऱ्यावर किती जणींची नावे लागली, हे आपापल्या घराण्याचा उतारा काढून एकदा बघावे. सरकारचे कागदही या बाबतीत फार वेगळे नव्हते. सरदार सरोवराच्या पाण्याखाली अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली ३३ गावे आली. त्यांच्या पुनर्वसनाचे नियम घालून देणाऱ्या नर्मदा लवादाच्या १९७९ च्या निवाड्यात प्रत्येक सज्ञान मुलाला स्वतंत्र कुटुंब धरले होते. सज्ञान मुलीला त्या कलमात ते स्थान नव्हते. तेव्हा जमिनीतून लेकीला वगळण्याचा दोष एकट्या गावच्या रूढीवर ढकलता येणार नाही.

एका हाताने लेक, दुसऱ्या हाताने वहिनी

आता जरा नाजूक जागी बोट ठेवते, रागावू नका. आपल्यापैकी प्रत्येक विवाहित बाई एका घरची लेक आणि दुसऱ्या घरची सून असते. माहेरी भावाने सही मागितली की आपल्या डोळ्यांत पाणी येते. आणि सासरी नणंदेने वाट्याचा विषय काढला की आपणच म्हणतो, ‘लग्नात एवढं केलं, बाळंतपणं केली, अजून काय हवंय यांना?’ तराजू एकच असायला हवा. आपल्याला माहेरी जे न्याय्य वाटते, ते नणंदेला आपल्या घरी न्याय्यच आहे. घरातला हा प्रश्न कोर्टाच्या आधी आपल्या स्वयंपाकघरात सुटू शकतो, तो असा.

खानदेशात आखाजीला लेकी माहेरी येतात. झोके बांधले जातात, गौराई बसते, पुरणपोळी आणि आमरसाचा बेत होतो. लेक घरात, मन भरून आलेले, आणि नेमक्या अशाच वेळी भाऊ कागद पुढे करतो. ‘आक्का, तुला काय कमी आहे? इथं सही कर, तलाठ्याकडं द्यायचीय.’ वहिनी ताटात नवी साडी ठेवते. आक्का सही करते. कागदावर काय लिहिले आहे हे तिने वाचलेले नसते. विचारायचे म्हटले तर ‘एवढा विश्वास नाही का?’ हे वाक्य तयारच असते.

साडी ही माया आहे आणि हिस्सा हा हक्क आहे. एकाने दुसऱ्याची किंमत होत नाही. लग्नात केलेला खर्च म्हणजेही वाटा नव्हे. हुंडा देणे-घेणे तर १९६१ पासून गुन्हा आहे. मग गुन्ह्याचा हिशेब वाटणीत वजा कसा धरायचा?

पण हिस्सा मागितला की माहेर तुटते, ही भीती खोटी नाही. काही घरी तुटतेही. भाऊ बोलेनासा होतो, दिवाळीचे बोलावणे येत नाही. ज्या बाईला नवऱ्याच्या घरी धड आधार नाही, तिला माहेरचा उंबरा पाच एकरांपेक्षा मोठा वाटतो, आणि तिने तसा विचार केला तर आपण तिला नावे ठेवू नयेत. फक्त तिने हे समजून उमजून ठरवावे. ‘माझे पाच एकर आहेत, त्यातले मी भावाला देते आहे’ असे म्हणून सोडणारी बहीण आणि काहीच ठाऊक नसताना अंगठा उठवणारी बहीण यांच्यात मोठा फरक आहे. पहिलीने दिलेले दान असते, आणि भावालाही ते दान म्हणूनच लक्षात राहते. शिवाय सगळे घ्या किंवा सगळे सोडा, असे थोडेच आहे? कसणारा भाऊ असेल तर जमीन त्याच्याकडे ठेवून ठरलेली रक्कम हप्त्याने घेता येते. घरातली एक खोली, किंवा विहिरीच्या पाण्यासह एक एकर घेता येते. जमीन विकायचीच झाली, तर बाहेरच्याला देण्याआधी इतर वारसांना ती घेण्याचा पहिला अधिकार कायद्यानेच दिला आहे.

आणि सुनेचे काय? दहा-दहा वर्षे सासूबाईंची पथ्ये सांभाळली, सासऱ्यांचे अंथरूण-पांघरूण केले, रात्र रात्र जागून काढली. वाटणीच्या दिवशी पुण्याहून नणंद येते आणि समान वाटा घेऊन जाते. सुनेच्या पोटात कालवते, आणि ते अगदी स्वाभाविक आहे. नवरा हयात असताना सुनेला सासऱ्यांच्या मिळकतीत स्वतःचा वाटा नाही. विधवा सुनेला मात्र आहे. ती पहिल्या वर्गातली वारस धरली जाते. सेवेचे मोल कायदा मोजत नाही. ते मोजायचे असेल तर ज्याची मिळकत आहे त्यानेच, डोळे उघडे असताना, मृत्युपत्रात लिहून मोजायला हवे. सुनेचा राग नणंदेवर निघतो. पण न बोलता, न लिहिता गेलेल्या वडीलधाऱ्यांनी हा गुंता मागे ठेवलेला असतो.

‘नॉमिनी मीच आहे’ म्हणणाऱ्यांसाठी

गावच्या जमिनीइतकीच शहरातली भांडणे बँकेच्या पासबुकावरून होतात. फॉर्मवर आपले नाव नॉमिनी म्हणून आहे, तेव्हा पैसे आपलेच, अशी पुष्कळांची समजूत असते. १९७३ साली ‘कालनिर्णय’ सुरू करून घरोघरच्या स्वयंपाकघरात तिथी-वार आणि सणवार पोचवणारे जयंत साळगावकर २० ऑगस्ट २०१३ रोजी निवर्तले. त्यांनी २०११ साली मृत्युपत्र केलेले होते. तरीही काही गुंतवणुकींवर नॉमिनी म्हणून ज्यांची नावे होती, त्यांचा हक्क मोठा की वारसांचा, यावरून कुटुंबातच दावा उभा राहिला आणि तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १४ डिसेंबर २०२३ रोजी निकाल लागला. शेअर्स आणि म्युच्युअल फंडांचा नॉमिनी हा मालक ठरत नाही. तो रक्कम हाती घेतो, पण ती वारसाहक्काने किंवा मृत्युपत्राप्रमाणे ज्यांची त्यांना जायला हवी. इतक्या जाणत्या घरात, मृत्युपत्र असतानाही, एका नावावरून दहा वर्षे गेली, तिथे आपण तर फॉर्म भरताना घाईघाईने जे सुचेल ते नाव टाकतो! आयुर्विम्यात मात्र २०१५ च्या दुरुस्तीपासून नवरा, बायको, मुले किंवा आईवडील नॉमिनी असतील, तर साधारणपणे ती रक्कम त्यांचीच मानली जाते. तेव्हा पासबुक, विमा, फंड हे तिन्ही कागद एका नजरेने पाहू नयेत.

सही करण्यापूर्वी, भांडण पेटण्यापूर्वी

लोणच्याची बरणी भरताना आपण हात कोरडे आहेत ना, हे दोनदा बघतो. कागदाच्या बाबतीत तेवढी काळजी घेतली तरी पुरे. पुढच्या गोष्टी कापून कपाटाच्या दारावर चिकटवा.

माहेरच्या आणि सासरच्या जमिनीचा सातबारा आणि आठ-अ उतारा काढून ठेवा. आता तो ‘महाभूमी’वर घरबसल्या मिळतो. कोणाची नावे आहेत, ती कोणत्या फेरफार क्रमांकाने लागली, हे पाहा.

घरात मृत्यू झाला की वारसांची माहिती तीन महिन्यांच्या आत तलाठ्याकडे द्यायची असते. त्या यादीत बहिणींची नावे आहेत की नाहीत, ते त्याच वेळी तपासा. फेरफाराची नोटीस निघाल्यावर हरकत घ्यायला पंधरा दिवस मिळतात. नाव गळले असेल तर घाबरू नका. सातबारा हा महसुलाचा कागद आहे. त्यावर नाव नाही म्हणून हक्क बुडत नाही आणि नाव लागले म्हणून एकट्याची मालकी सिद्ध होत नाही. पण गळलेले नाव पुन्हा लावायला चपला झिजवाव्या लागतात.

‘हक्कसोड’ हा शब्द दिसला की थांबा. जमीन किंवा घर यांतला हक्क सोडायचा तर दस्त दुय्यम निबंधकाकडे नोंदवावा लागतो. कोऱ्या किंवा न वाचलेल्या कागदावर सही नको. ‘घरी नेऊन वाचते आणि उद्या सांगते’ हे वाक्य तोंडपाठ करून ठेवा. त्यात कोणाचा अपमान नाही. फसवून सही घेतली असेल, तर ते कळल्यापासून तीन वर्षांच्या आत दस्त रद्द करण्याचा दावा लावता येतो.

सगळ्यांचे एकमत असेल तर कोर्टात जाण्याची गरजच नाही. तहसीलदारांकडे अर्ज करून संमतीने वाटणी होते. घरोघर भाऊबंदकीचा खर्च पाहिला, तर वाटणीचा अर्ज फारच स्वस्त!

सासू-सासऱ्यांना, आईवडिलांना मृत्युपत्र करायला सुचवा. दोन साक्षीदार लागतात. नोंदणी सक्तीची नाही, पण केलेली बरी. मात्र हयातीत सगळे मुलांच्या नावे करून रिकामे होऊ नका, असेही त्यांना सांगा. सांभाळण्याच्या अटीवर मिळकत लिहून घेतली आणि मग सांभाळले नाही, तर २००७ च्या ज्येष्ठ नागरिकांच्या कायद्याने ते हस्तांतरण रद्द करून मागता येते. पण ती अट कागदावर लिहिलेली असावी.

नवऱ्याशीही एकदा बोला. शेतकरी संघटनेच्या ‘लक्ष्मी मुक्ती’च्या मोहिमेनंतर १९९२ साली महाराष्ट्र सरकारने निर्णय काढला, की नवऱ्याने स्वखुशीने अर्ज केला तर सातबाऱ्यावर त्याच्या नावाबरोबर पत्नीचे नाव लावता येते. मंगळसूत्र घालून आपल्याला घरात आणले, तर उताऱ्यावर एक ओळ द्यायला काय हरकत आहे?

आणि वकिलाची फी परवडत नाही म्हणून मागे फिरू नका. १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळतो. तिचे उत्पन्न किती, हे विचारले जात नाही. ती स्त्री आहे एवढेच पुरते. नंदुरबारच्या जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय आहे. तिथे सल्लाही मिळतो आणि समेटाचा प्रयत्नही होतो.

शेवटी विषय काढायचा कसा, हे सांगते. तेराव्याच्या पंगतीत नको, आजारपणात उशाशी बसून नको, आणि नवऱ्याला पुढे घालून तर मुळीच नको. जावई बोलला की भावांच्या कपाळाला आठ्या पडतात. सगळे धडधाकट असताना, सणाच्या दुसऱ्या दिवशी जेवणे उरकल्यावर, स्वतःच्या तोंडाने बोला. ‘आई, बाबा, तुमच्या पश्चात आम्ही भावंडांनी एकमेकांची तोंडं बघावीत असं मला वाटतं. म्हणून तुमच्या मनात काय आहे ते आम्हा सगळ्यांसमोर सांगून ठेवा.’ यात मागणी नाही, धमकी नाही. कदाचित बाबा रागावतील. कदाचित वहिनी आत निघून जाईल. पण मनातल्या पाच वाटण्या त्या दिवशी पहिल्यांदा एका चटईवर येतील, आणि किती एकर खरोखर आहेत हे सगळ्यांना एकदम कळेल.

त्याच संध्याकाळी आपल्या सासरी परत आलात की नणंदेलाही एक फोन करा. तिचे नाव वारसांच्या यादीत आहे ना, एवढेच विचारा.